तूप, लुगडे आणि लग्नाचा हॉल

शब्दाविना हसविणे हे सोपे काम नव्हे. आपल्या पुण्याचे व्यंगचित्रकार शि. द. फडणीस यांनी चित्राखाली एक ओळ न लिहिता दोन-तीन पिढ्यांना हसविले. बालभारतीच्या गणिताच्या पुस्तकांतून ती चित्रे महापालिकेच्या शाळेत शिकणाऱ्या आपल्या मुलांपर्यंतही पोचली. चार्ली चॅप्लिनच्या 1925 सालच्या 'द गोल्ड रश' या मूकपटातही असाच एक बिनशब्दाचा प्रसंग आहे. बर्फात अडकलेला, उपाशी चार्ली स्वतःचा बूट उकळतो आणि सुरी-काट्याने असा खातो, की जणू मोठ्या हॉटेलातच बसला आहे. नाडी शेवयांसारखी गुंडाळतो, खिळे हाडांसारखे चोखतो. सगळे हसतात. पण पाहुणा पुढच्या खोलीत बसलेला असताना ज्यांनी मागच्या दाराने शेजारी साखरेची वाटी पाठविली आहे, ते जरा निराळे हसतात.

झाकली मूठ सव्वा लाखाची, असे लोक म्हणतात. परंतु मूठ झाकावी की उघडावी, हे ठरविण्याचा अधिकारच आपल्या समाजाला नव्हता. 1936 साली जयपूर संस्थानातील चकवारा गावी एका अस्पृश्य बांधवाने तीर्थयात्रेहून आल्यावर जेवण दिले आणि पंक्तीत तूप वाढले. गावचे सवर्ण लाठ्या घेऊन धावून आले. अन्न नासले, जेवणाऱ्यांना मारहाण झाली. तूप त्याच्या स्वतःच्या पैशाचे होते. तरीही ते त्याच्या पंक्तीला शोभत नाही, एवढाच गुन्हा! परमपूज्य बाबासाहेबांनी 'अॅनिहिलेशन ऑफ कास्ट' या ग्रंथात हा प्रकार नोंदवून ठेवला आहे.

त्याआधी, डिसेंबर 1927 मध्ये महाडला, बाबासाहेबांनी आपल्या माताभगिनींना सांगितले होते की, तुमच्या लुगडे नेसण्यावरून आणि अंगावरच्या दागिन्यांच्या ओझ्यावरून तुमची जात ओळखू येते. ती खूण टाकून द्या; वस्त्र फाटके असले तरी चालेल, पण ते स्वच्छ असू द्या. त्या बायांनी लागलीच नेसण्याची पद्धत बदलली. म्हणून, 'या लोकांना चार पैसे मिळाले की फार मिरवतात', असे कुणी म्हणाले तर आम्हास राग येतो. कडक इस्त्रीचा शर्ट हा आपल्याकडे नुसता शर्ट नसतो.

हे सारे मान्य करूनही हल्लीच्या लग्नांविषयी बोलणे भाग आहे. त्रिशरण, पंचशील, मेणबत्ती, फुले, वधूवरांची पांढरी वस्त्रे. आपला मंगल परिणय तासाभरात उरकतो. मग हॉल, डीजे, हळदीचा निराळा पोशाख आणि हजार पानांचे जेवण कोणासाठी? 'लोक काय म्हणतील', हे उत्तर ठरलेले. पूर्वी लाठी घेऊन येणारे परके होते. आता 'एवढंच जेवण?' म्हणणारे आपल्याच पंक्तीत बसलेले असतात, आणि त्यांची भीती जास्त वाटते. लग्नाची घाई करू नका, कर्ता झाल्याशिवाय मुलाच्या गळ्यात संसार बांधू नका, असे बाबासाहेबांनी 1942 साली नागपूरच्या महिला परिषदेत बजावले होते. ते भाषण जयंतीला आपण मोठ्या भक्तीने वाचतो.

आम्ही पडलो हिशेबाचे माणूस. येरवड्यातील एका घरी मुलाच्या लग्नासाठी दोन लाख रुपये, महिना तीन टक्क्यांनी, खासगीत उचलायचे ठरले होते. आम्ही कागदावर मांडून दाखविले: दरमहा व्याज 6,000 रुपये, वर्षाला 72,000; आणि मुद्दल जागच्या जागी. मुलाची आई चार घरची धुणीभांडी करते. तिने तो कागद बराच वेळ हातात धरला. मुलगा खाली बघत होता. मग ती हळूच म्हणाली, "दादा, हॉलला दिल्याला विसार परत मिळंल का वो?"