नटाचा देह आणि समीक्षेचे मौन

युद्धोत्तर जर्मन चित्रपटाचा विचार करताना एक सोयीस्कर विभागणी आपण निमूटपणे स्वीकारली आहे : 28 फेब्रुवारी 1962 रोजी ओबरहाउझेन येथे 26 जणांनी सह्या केलेल्या जाहीरनाम्यापूर्वीचा चित्रपट म्हणजे निव्वळ रंजन आणि नंतरचा म्हणजे कला. 1950 नंतरच्या दशकातील बरीचशी निर्मिती पलायनवादी होती, हे नाकारण्याचे कारण नाही. परंतु जाहीरनामा हा एका पिढीचा पवित्रा असतो. त्यालाच इतिहासाचा निवाडा मानणे ही समीक्षेची आळशी शरणागती होय. या शरणागतीचा पहिला बळी चरित्र अभिनेता ठरतो. साहित्यात लेखकाचा मृत्यू घोषित करणारेच चित्रपटाकडे वळताच दिग्दर्शकाला कर्तेपणाच्या सिंहासनावर बसवतात, आणि ही विसंगती त्यांना टोचतही नाही.

गेर्ट फ्रोबे (1913-1988) याचेच उदाहरण घ्यावे. 'गोल्डफिंगर'मधील (1964) खलनायक एवढीच त्याची ओळख उरली आहे. आणि त्या इंग्रजी चित्रपटात ऐकू येणारा आवाजही मायकेल कॉलिन्स या दुसऱ्याच नटाचा! 1948 च्या 'बर्लिनर बालाडे'मध्ये मात्र हाच फ्रोबे कमालीचा कृश दिसतो. त्याच्या पात्राचे नाव ओटो नॉर्मालफरब्राउखर. आडनावाचा अर्थ रेशनच्या वर्गवारीतील 'सामान्य ग्राहक'. पुढे जर्मन भाषेत हे नाव सर्वसामान्य माणसाचे पर्यायनाम होऊन बसले. दहा वर्षांनंतर, 'एस गेशाह आम हेलिख्टन टाग' (भरदिवसा घडले) या चित्रपटात तोच देह स्थूल आणि सुखवस्तू झालेला आहे. उपासमारीपासून सुबत्तेपर्यंतचा पश्चिम जर्मनीचा प्रवास या देहावर कोरला गेला आहे. ही संहिता कोणत्याही एका दिग्दर्शकाची नव्हे.

या चित्रपटातील श्रोट हा बायकोच्या धाकात वावरणारा, हातातल्या बाहुलीने लहान मुलीला रिझवणारा बालहत्यारा आहे. पटकथेत सहभागी असलेल्या फ्रीडरिख ड्युरेनमाट याने त्याच वर्षी 'दास फरश्प्रेखेन' (वचन) ही कादंबरी लिहून गुन्हेगार हाती लागल्याचा दिलासाच काढून घेतला. कादंबरी तात्त्विकदृष्ट्या अधिक धीट आहे, हे मान्य. पण तिच्यातील खुनी वाचकासमोर प्रत्यक्ष उभा राहतच नाही. चित्रपटातील खुन्याला फ्रोबेने चेहरा दिला, आणि तो शेजाऱ्याचा चेहरा आहे. कथा स्वित्झर्लंडमध्ये घडते खरी; पण 1958 च्या जर्मन प्रेक्षकाला हा चेहरा परका कसा वाटावा?

फ्रोबे स्वतः एके काळी नाझी पक्षाचा सभासद होता. 1965 मध्ये ही गोष्ट गाजल्यावर इस्राएलमध्ये त्याच्या चित्रपटांवर बंदी आली. आपल्याला व आपल्या आईला त्याने लपवून वाचवले होते, अशी साक्ष एका ज्यू गृहस्थाने दिल्यावर ती उठली. सामान्य ग्राहक, सभ्य खुनी, पक्षसदस्य आणि रक्षणकर्ता ही सारी एकाच देहाची वाचने आहेत. केवळ दिग्दर्शकाच्या शैलीखुणा मोजणाऱ्या समीक्षेपाशी या गुंतागुंतीसाठी शब्दच नाहीत. चरित्र अभिनेत्याला 'पूरक' ठरवून ती आपले हे दारिद्र्य झाकते, आणि त्यालाच अभिरुची म्हणवते.