‘दीवार’मधली सही कोणाची?

यश चोप्रा यांनी दिग्दर्शित केलेला आणि सलीम-जावेद या लेखकद्वयाने लिहिलेला ‘दीवार’ हा हिंदी चित्रपट जानेवारी १९७५ मध्ये प्रदर्शित झाला. त्याला अर्धशतक उलटून गेले. दोन भाऊ, एक तस्कर आणि दुसरा पोलीस अधिकारी, आणि दोघांच्या मध्ये उभी असलेली आई, एवढीच या चित्रपटाची ओळख आता लोकांच्या मनात उरली आहे. पुलाखाली झालेला भावाभावांचा संवाद लग्नाच्या मांडवात नकलाकारही म्हणून दाखवितात. परंतु या चित्रपटाचा आरंभ भावांच्या भांडणात नाही. तो कामगारांच्या सभेत आहे. हिंदी पडद्यावर कामगारांची सभा, संप आणि मागण्यांचा करार यांना कथेच्या मुळाशी स्थान मिळाल्याची उदाहरणे फार थोडी. समाजवादी कार्यकर्त्यांना धंदेवाईक हिंदी सिनेमाविषयी एक प्रकारची तुच्छता वाटत आली आहे. त्या तुच्छतेपायी ज्या चित्रपटाने आपल्याच चळवळीविषयी एक अवघड प्रश्न विचारला, तोही नजरेआड झाला.

तो प्रश्न एका सहीचा आहे. आनंद वर्मा हा प्रामाणिक कामगार पुढारी. मालक त्याची बायको आणि दोन मुले ओलीस धरतो आणि त्याच्यापुढे कागद सरकवतो. आनंद वर्मा सही करतो. मागण्या बुडतात. कालपर्यंत त्याच्या नावाचा जयजयकार करणारे कामगार त्याला गद्दार ठरवितात. तो परागंदा होतो आणि बाप चोर असल्याचे गोंदण थोरल्या मुलाच्या हातावर कायमचे उमटते. पुढचा सारा चित्रपट हा त्या गोंदणाचा परिणाम आहे.

विश्वासघात झाला हे खरे. पण तो कोणी केला? पिस्तुलाच्या धाकाने घेतलेल्या सहीला कोणत्याही न्यायालयात किंमत नसते. कामगारांच्या न्यायालयात मात्र आनंद वर्माला शिक्षा झाली आणि मालक मोकळा सुटला. या मालकाचा हिशेब चित्रपटही कधी पुरा करीत नाही. आणि याहून महत्त्वाची एक गोष्ट चित्रपटात कोणी विचारीतच नाही. हजारो कामगारांच्या भाकरीचा करार एका माणसाच्या एका सहीवर पक्का होतोच कसा? जी संघटना एका माणसाच्या हातात असते, ती त्या एका माणसाला विकत घेऊन किंवा भिववून मोडता येते. मालकाला हजार कुटुंबे ओलीस धरावी लागली नाहीत, एकच पुरले. करार सभेपुढे ठेवून, मतदान घेऊन मगच मंजूर करावयाचा अशी रीत त्या संघटनेत असती, तर आनंद वर्माच्या मुलांना हात लावून मालकाच्या पदरात काहीही पडले नसते. अंतर्गत लोकशाही हा केवळ तत्त्वाचा विषय नाही. पुढाऱ्याच्या कुटुंबाचेही ते संरक्षण आहे.

याच प्रश्नाची दुसरी बाजू मुंबईच्या गिरणगावाने सात वर्षांनी पाहिली. १८ जानेवारी १९८२ रोजी सुमारे अडीच लाख गिरणी कामगार डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली संपावर गेले. परंतु १९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याप्रमाणे करार करण्याचा अधिकार मान्यताप्राप्त राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडेच होता. चित्रपटातील कामगारांचा आपल्या पुढाऱ्याच्या सहीवर ताबा नव्हता. गिरणगावातील कामगारांनी ज्याला पुढारी मानले, त्याला सही करण्याचा अधिकारच नव्हता. दोन्हीकडे सही कामगाराच्या हातून निसटली. संप कधी रीतसर मिटलाच नाही. तो विरत गेला आणि नगर, सातारा, रत्नागिरीकडच्या कितीतरी घरांतील मुंबईहून येणारी मनिऑर्डर कायमची थांबली.

चित्रपटाचा दुसरा प्रश्न गोदीत उभा राहतो. हमालांच्या मजुरीतून गुंड हप्ता वसूल करतात. हप्ता नाकारणारा एक तरुण हमाल जिवास मुकतो. मग विजय, म्हणजे अमिताभ बच्चन, एकटा गुदामात शिरतो, दार आतून बंद करतो आणि सगळ्यांना लोळवतो. थिएटरात शिट्ट्यांचा पाऊस पडतो. परंतु त्यानंतर गोदीतील हमालांचे काय झाले? चित्रपट त्यांच्याकडे परत वळत नाही. विजय तस्कराच्या पदरी जातो, गाडी-बंगला मिळवितो, आणि जिच्या बांधकामावर आईने विटा वाहिल्या ती इमारत विकत घेतो. इमारतीचा मालक बदलला, विटा वाहणारीची मजुरी बदलली नाही. सूडाचे अर्थशास्त्र येथे संपते.

प्रत्यक्षातील मुंबई बंदराचा इतिहास मात्र वेगळा आहे. तेथे टोळीवाल्यांची आणि कंत्राटदारांची सत्ता मोडली ती प्लासिड डिमेलो यांच्यासारख्यांनी बांधलेल्या संघटनेने आणि गोदी कामगारांच्या रोजगाराचे नियमन करणाऱ्या १९४८ च्या कायद्याने. बंदराबाहेरच्या हमालांसाठी महाराष्ट्रात १९६९ मध्ये माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगारांचा कायदा झाला. त्यामागे अण्णासाहेब पाटील आणि डॉ. बाबा आढाव यांच्यासारख्यांचे कष्ट होते. या कायद्याची यंत्रणा समजून घेण्यासारखी आहे. व्यापारी मजुरी थेट हमालाच्या हातावर टेकवीत नाही. तो ती मंडळाकडे भरतो आणि तिच्यावर ठरलेल्या टक्क्यांची लेव्हीही भरतो. मजुरी मंडळाकडून मिळते. लेव्हीतून भविष्यनिर्वाह निधी, उपदान, बोनस, रजेचा पगार यांची सोय होते. आज या दुकानात, उद्या त्या दुकानात पाठ वाकविणाऱ्या माणसाला कायम मालक नसतानाही कायम कामगाराचे हक्क मिळाले. हप्ता घेणाऱ्याला उभे राहण्यास जागाच उरणार नाही अशी ही रचना होती.

नगरच्या बाजारपेठेतील हमालांनी हे आपल्या डोळ्यांनी पाहिले आहे. शंकरराव घुले यांच्या नेतृत्वाखाली तेथे हमाल पंचायत उभी राहिली. पोत्याच्या वजनासाठी, तोलाई-हमालीच्या दरासाठी, नोंदणीसाठी वर्षानुवर्षे बैठका, मोर्चे आणि अर्ज झाले. यातील एकाही प्रसंगावर शिट्टी वाजणार नाही. नोंदणीपुस्तकावर अंगठा उमटविण्याच्या दृश्याला पार्श्वसंगीत कोण देणार? पण विजयच्या ठोशाने जे झाले नाही, ते या कंटाळवाण्या कामाने झाले.

आता बंधुत्वाच्या गोष्टीकडे वळावयास हवे. मराठीने ‘भाऊबंदकी’ हा शब्द घडविला तो मोठ्या अनुभवाने. भाऊपणाचे नाते आणि त्याच नात्यातील वैर, दोन्ही त्यात सामावले आहे. नगर जिल्ह्याने, म्हणजे आजच्या अहिल्यानगरने, बंधुत्वाचे दोन मोठे प्रयोग पाहिले. एक होता पटवर्धन बंधूंचा. रावसाहेब गांधीविचाराच्या वाटेने गेले. अच्युतराव १९३४ मध्ये स्थापन झालेल्या काँग्रेस समाजवादी पक्षाच्या संस्थापकांपैकी एक आणि १९४२ च्या भूमिगत लढ्याचे एक सेनापती होते. दोघांचे मार्ग एक नव्हते, परंतु त्यांच्यामध्ये भिंत उभी राहिली नाही, कारण दोघांचे मोजमाप स्वतःच्या लाभाचे नव्हते.

दुसरा प्रयोग सहकाराचा. विठ्ठलराव विखे-पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरेच्या काठी शेतकऱ्यांचा सहकारी साखर कारखाना उभारला आणि १९५०-५१ च्या हंगामात त्याचे पहिले गाळप झाले. खासगी साखर कंपन्यांच्या मुलखात कुणबी स्वतः कारखान्याचा भागधारक झाला, ही लहान गोष्ट नव्हती. परंतु या बंधुत्वाची हद्द उसाच्या बांधापाशी संपली. ऊस लावणारा सभासद झाला. ऊस तोडणारा सभासद झाला नाही. पाथर्डी, शेवगाव, जामखेडच्या कोरडवाहू गावांतून आणि शेजारच्या बीड जिल्ह्यातून दरवर्षी जोडपी कोयता घेऊन निघतात. नवरा-बायको मिळून ‘एक कोयता’ धरला जातो. बाईची मजुरी स्वतंत्र मोजण्याचीही तसदी हिशेबात घेतली जात नाही.

येथे विश्वासघात हा शब्द फार स्वस्तात वापरला जातो. मुकादम हंगामापूर्वी उचल देतो. तो बहुधा तोडणाऱ्याच्याच गावचा, बऱ्याचदा भावकीतलाही असतो. उचल फिटली नाही आणि मजूर परतला की तो ‘बेइमान’ ठरतो. मुकादमाने कारखान्याचे पैसे बुडविले की तो ‘फरार’ ठरतो. गावात मारामाऱ्या होतात, भाऊ भावाला शिव्या घालतो, माणसे डांबून ठेवल्याच्या तक्रारी पोलिसात जातात. ज्या कारखान्याच्या चाकासाठी हे सर्व चालते, तो मात्र या मजुरांशी आपला थेट मालक-नोकराचा संबंध नाही असे सांगून बाजूला उभा राहतो. हीच ‘दीवार’ची पहिली पंधरा मिनिटे आहेत. कागद एकाने पुढे केला, सही दुसऱ्याने केली आणि गद्दारीचा शिक्का तिसऱ्याच्या पोराच्या हातावर बसला.

चित्रपटाची बाजूही न्यायाने मांडली पाहिजे. १९७५ मध्ये विजयचा संताप लोकांना आपला वाटला तो उगाच नव्हे. १९७२ च्या दुष्काळात नगर जिल्ह्यातील हजारो बायकांनी दुष्काळी कामांवर खडी फोडली होती. पडद्यावर विटा वाहणारी निरूपा रॉय त्यांना परकी नव्हती. महागाईचा दर विशीच्या पलीकडे गेला होता. मे १९७४ मधील रेल्वे कामगारांचा संप सरकारने दडपून टाकला होता. चित्रपट आला आणि पाच महिन्यांत आणीबाणी पुकारली गेली. सामूहिक लढ्याचे रस्ते एकामागून एक बंद होत असताना लोकांनी एकट्याच्या ठोशात समाधान शोधले. हा प्रेक्षकांचा दोष म्हणता येणार नाही.

धाकट्या भावाचे काय? पोलीस अधिकारी रवी भाकरी चोरून पळणाऱ्या एका पोरावर गोळी झाडतो. त्या पोराच्या घरी गेल्यावर त्याला कळते की चोरी लहान असो वा मोठी, चोरी ती चोरीच, असे मानणारा बाप तेथे उपाशी बसला आहे. या प्रसंगातून रवी भावाविरुद्ध उभे राहण्याचे बळ घेतो. परंतु घर उपाशी का होते, हा प्रश्न तेथेच सोडून चित्रपट पुढे जातो. कायदा जिंकतो, भाऊ मरतो, पदक मिळते. आठ वर्षांनी गोविंद निहलानी यांच्या ‘अर्धसत्य’ने (१९८३) या विजयाचा फोलपणा दाखविला. श्री. दा. पानवलकर यांची कथा, विजय तेंडुलकर यांची पटकथा आणि रामा शेट्टीच्या भूमिकेत नगरचे सदाशिव अमरापूरकर. आवाज न चढविता, खुर्चीतून न उठता सत्ता कशी बोलते हे अमरापूरकरांनी दाखविले. रवीला वाटत होते की वर्दी म्हणजे कायदा. वेलणकरला कळले की वर्दीचा दोरा दुसऱ्याच कोणाच्या हातात आहे.

आज हे सारे उकरून काढण्याचे कारण काय? कारण सहीचा प्रश्न पुन्हा उभा आहे. संसदेने २०२० मध्ये संमत केलेली औद्योगिक संबंध संहिता २१ नोव्हेंबर २०२५ पासून अमलात आली. तीनशेपेक्षा कमी कामगार असलेल्या कारखान्यांत कपात करण्यासाठी सरकारची पूर्वपरवानगी आता लागत नाही. पूर्वी ही मर्यादा शंभराची होती. संपापूर्वीच्या नोटिशीचे बंधन सर्वच उद्योगांना लागू झाले आहे. अनेक संघटना असतील तेथे एक्कावन्न टक्के कामगारांचा पाठिंबा असलेल्या संघटनेलाच वाटाघाटीचा एकमेव हक्क मिळतो. म्हणजे सही करणारा हात एकच असणार. त्या हातावर कोणाचा ताबा राहील, हे कायदा सांगत नाही. ते कामगारांनाच ठरवावे लागेल. औद्योगिक वसाहतींतील कंत्राटी तरुणाला संघटनेचे नाव काढताच उद्या गेटवरून परत पाठविले जाण्याची भीती असते. तो मोबाईलवर जुन्या-नव्या सूडकथा पाहतो आणि मनातल्या मनात गुदामाचे दार बंद करून घेतो. त्याचा संताप खरा आहे. त्याला सभेची वाट मात्र कोणी दाखविलेली नाही.

म्हणून कार्यकर्त्यांच्या शिबिरांत ‘दीवार’ अवश्य दाखवावा आणि तो संपल्यावर दिवे लावून चर्चा करावी. आई कोणाच्या बाजूने उभी राहिली याचीच चर्चा पन्नास वर्षे पुरली. आता दुसरे प्रश्न विचारावेत. करार सभेच्या मतदानाशिवाय मंजूर होणार नाही, असे आपल्या संघटनेच्या घटनेत लिहिले आहे काय? वर्गणीचा जमाखर्च दरवर्षी फळ्यावर लागतो काय? पुढाऱ्यावर दडपण आले तर त्याच्या घराभोवती उभे राहणारे वीस जण ठरलेले आहेत काय? कंत्राटी कामगाराला, ऊस तोडणाऱ्या बाईला सभासदत्वाचे पुस्तक मिळते काय? ज्या संघटनेत या प्रश्नांची उत्तरे होकारार्थी येतील, तेथे आनंद वर्मावर सही करण्याची पाळी येणार नाही आणि त्याच्या मुलाच्या हातावर कोणाला काही गोंदवताही येणार नाही.