खिडकीतले दाणे आणि न दिसणारे जीव



कबुतरांवर लिहू नका, असं दोघीतिघींनी मला सांगितलं. उगाच वाद होतील म्हणाल्या. पण वाद तर झालेच आहेत. जुलै २०२५ मध्ये सरकारने मुंबईतले ५१ कबुतरखाने बंद करायचं जाहीर केलं. मग प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात गेलं. दादरच्या कबुतरखान्यावर ताडपत्री पडली, ६ ऑगस्टला आंदोलकांनी ती फाडली, आणि सर्वोच्च न्यायालयानेही त्या महिन्यात हस्तक्षेप करायला नकार दिला. या सगळ्या गदारोळात एक बाजू माणसांच्या फुप्फुसांबद्दल बोलत होती आणि दुसरी आपल्या धर्माबद्दल. तिसरा पक्ष कुणाच्या तोंडी आला नाही, कारण तो डोळ्यांना जेमतेम दिसतो. आज मला त्याच्याबद्दल लिहायचं आहे.

त्याला इंग्रजीत माइट म्हणतात. ऊ, पिसू, ढेकूण, गोचीड यांना आपल्या घरात नावं आहेत, याला नाही. शेतकरी पिकावरच्या एका जातीला लाल कोळी म्हणतात, कारण हा कोळी आणि गोचीड यांच्याच नात्यातला, आठ पायांचा. त्याच्या जाती हजारो आहेत. आपल्या फ्लॅटशी संबंध येतो तो मुख्यतः दोघांचा: एक पक्ष्यांच्या घरट्यातला, दुसरा आपल्या गादीतला.

घरट्यातला माइट एक मिलिमीटरहूनही लहान असतो. उपाशी असला की पांढुरका करडा, रक्त प्यायला की लालसर. त्यातली एक जात दिवसा घरट्याच्या काडीकचऱ्यात आणि भिंतीच्या फटीत लपते आणि रात्री पक्ष्याच्या अंगावर चढते. हवामान मानवलं की आठवड्या-दहा दिवसांत नवी पिढी तयार. जोवर घरट्यात पिल्लं आहेत, तोवर हे जीव आपल्या वाटेला फारसे येत नाहीत. पिल्लं उडून गेली किंवा कुणी घरटं उचलून फेकलं, की त्यांचं अन्न एकदम बंद होतं. मग ते एसीच्या पाइपच्या भोकातून, खिडकीच्या फटीतून आत शिरतात आणि पलंगावर झोपलेल्या माणसाला चावतात. माणसाच्या रक्तावर त्यांचा वंश चालत नाही, पण चावायचं ते चावतातच. आणि रक्त न मिळताही त्यातले काही कित्येक महिने तग धरतात.

इथे मुलुंडला आमच्या ओळखीच्या एका घरात हेच झालं. सून बाळंतपण करून आलेली, बाळ दोन महिन्यांचं. दोघांच्या अंगावर रोज सकाळी लाल बारीक पुळ्या. एका डॉक्टरांनी खरूज म्हणून सांगितलं. घरातल्या सगळ्यांनी अंगभर औषध लावलं, चादरी उकळल्या, पुन्हा लावलं. खाज जाईना. सून मला म्हणाली, "काकू, आता मला माझ्याच अंगाची किळस यायला लागलीय." खरूजही माइटमुळेच होते, पण तो वेगळा. तो माणसाच्या कातडीत बीळ करून राहतो आणि माणसाकडून माणसाकडे जातो. इथला माइट राहत होता खिडकीबाहेर, एसीच्या आउटडोअर युनिटमागच्या रिकाम्या घरट्यात. वरच्या मजल्यावरून रोज सकाळी मूठभर ज्वारी छज्जावर पडत होती. पुण्य म्हणून.

शेवटी पेस्ट कंट्रोलवाले आले, फवारणी झाली, पुळ्या थांबल्या. सगळ्यांना हायसं वाटलं. मला मात्र तेव्हापासून एक प्रश्न पडला आहे: त्या फवाऱ्यात जे हजारो जीव मेले, ते कुणाच्या खात्यावर मांडायचे?

मी कॉमर्सची. जमेची नोंद केली की दुसऱ्या बाजूला नावेची नोंद करावीच लागते, हे मनात पक्कं बसलेलं आहे. दाणे टाकणारी बाई फक्त जमेची बाजू लिहिते: एक पक्षी जेवला. पण दाण्यामुळे कबुतरं त्याच इमारतीला घर मानतात. मुंबईत ती जवळजवळ वर्षभर अंडी घालतात, एका वेळी दोन. घरटी वाढली की घरट्यातले माइट वाढतात, ते आत आले की माणूस फवारा मारतो. म्हणजे ज्या दयेची सुरुवात मूठभर ज्वारीने झाली, तिचा शेवट विषाने होतो. मधे एक तान्हं बाळ रात्ररात्र रडतं ते वेगळंच.

आपल्या धर्मात चालणारे-फिरणारे सगळे जीव त्रस. त्यात कबुतर पंचेंद्रिय, ऊ आणि मुंगी त्रींद्रिय, हे आपण लहानपणी पाठशाळेत शिकलो. पण लहान जीव दिसत नाही म्हणून त्याची हिंसा मोजायची नाही, असं कुठल्या महाराजांनी सांगितलं? उलट आपल्या मुनींच्या हातातली मोरपिसांची पिंछी कशासाठी असते? बसण्याआधी, कमंडलू ठेवण्याआधी, ग्रंथ उचलण्याआधी ते जागा हलक्या हाताने झाडून घेतात, ती अशाच न दिसणाऱ्या जिवांसाठी. हा यत्नाचार आहे. माझ्या गुजराती मैत्रिणी त्याला जयणा म्हणतात. आपलं कृत्य पुढे कुठे जाऊन लागतं, हे आधी बघायचं, इतका साधा त्याचा अर्थ.

आणि हे आपण स्वयंपाकघरात रोज करतो. वर्षाचे गहू भरताना कडक ऊन देतो, तांदळाला एरंडेल चोळतो, डब्यात कडुलिंबाचा पाला घालतो. का? कीड झाल्यावर मारण्याची वेळ येऊ नये म्हणून. जीव उत्पन्न होईल अशी जागाच ठेवायची नाही, ही श्रावकाच्या घरातली अहिंसा. गृहस्थाला सगळी हिंसा टाळता येत नाही, चूल पेटवली की काही ना काही होतंच. पण जी होण्यासारखी आहे ती आधीच कमी करणं आपल्या हातात असतं. मग छज्जावर दाणे पसरताना हा नियम कुठे जातो?

गादीतल्या माइटलाही हेच लागू आहे. तो चावत नाही. आपल्या कातडीचे जे सूक्ष्म कण गळतात, त्यावर तो जगतो. त्याची विष्ठा धुळीबरोबर श्वासात गेली की काहींना शिंका, सर्दी, दमा होतो. घरच्या धुळीच्या ॲलर्जीमागे हा जीव आहे, हे १९६० च्या दशकात नेदरलँड्समधल्या लायडन इथे व्होरहोर्स्ट आणि स्पिक्स्मा या संशोधकांनी दाखवून दिलं. हा माइट पाणी पीत नाही, हवेतली ओल अंगात शोषून घेतो. म्हणजे आपल्या मुंबईचा पावसाळा त्याला पर्वणीच. आपल्या आज्या पावसाआधी गाद्या-गोधड्या गच्चीवर टाकायच्या. त्या कोरड्या राहिल्या की जिवांची वाढच कमी होते. आता टॉवरमध्ये गच्चीला कुलूप आणि खिडकीला जाड पडदे. अशा घरात जितका कापूस, गालिचे, सॉफ्ट टॉय कमी तितकं बरं. अपरिग्रहाचा हा फायदा प्रवचनात कुणी सांगत नाही!

एक गोष्ट नीट वेगळी करून सांगते, कारण व्हॉट्सॲपवर सगळं एकत्र फिरतं. कबुतरांमुळे फुप्फुसांना सूज येऊन ती पुढे कडक होत जातात, तो आजार माइटमुळे होत नाही. विष्ठेतले आणि पिसांच्या भुकटीतले कण वर्षानुवर्षं श्वासात गेल्याने काही जणांना तो होतो. आणि फुप्फुस एकदा कडक झालं की पुन्हा पूर्वीसारखं होत नाही. ज्याच्या घरात असा रुग्ण आहे, त्याने दाणे टाकू नका म्हटलं, तर तो धर्माचा द्वेष करतो असं समजू नका. जैनांवर आग पाखडायला काहींना या प्रकरणात निमित्त मिळालं, हे खरं आहे, आणि मलाही ते लागलं. पण म्हणून शेजारच्या खोकणाऱ्या आजोबांकडे पाठ फिरवायची? आणि ताडपत्री फाडून जीवदया सिद्ध होते, असं मला तरी वाटत नाही.

"मग काय पक्षी उपाशी मारायचे?" हा प्रश्न मला मंदिराच्या पायरीवरच विचारला जातो. ऑक्टोबर २०२५ च्या शेवटी महापालिकेने चार जागा तात्पुरत्या ठरवून दिल्या: वरळीचा जलाशय परिसर, अंधेरीत लोखंडवाला बॅक रोड, मुलुंड-ऐरोली नाक्याचा भाग आणि बोरिवलीत गोराई मैदान, वेळ सकाळी ७ ते ९. ज्यांना दाणे घालायचेच आहेत, त्यांनी नियम पाळून, लोकवस्तीपासून दूर घालावेत. लांब पडतं, मान्य. पण तीर्थाला जाताना आपण डोंगर चढतोच की. आणि ज्वारीचे तेच पैसे पांजरपोळात दिले, तर एखाद्या म्हाताऱ्या गाईच्या चाऱ्याला लागतील.

घरापुरतं एवढं करता येईल. खिडकीत, डक्टमध्ये दाणे टाकायचे नाहीत, सांडलेले झाडून घ्यायचे. आधीच घरटं असेल आणि त्यात अंडी-पिल्लं असतील, तर त्याला हात लावू नका. पिल्लं महिना-सव्वा महिन्यात उडून जातात. ती गेली की त्याच दिवशी, नाका-तोंडाला मास्क लावून, आधी पाणी शिंपडून घरटं काढा. कोरडं झाडलं तर सगळी भुकटी तुमच्याच नाकात जाईल. माइट आत येण्याआधी एसीच्या पाइपचं भोक आणि फटी बुजवा. मग जाळी लावा, पण घट्ट ताणून. सैल जाळीत पक्षी अडकून तडफडतात, ते पापही नको. अंगावर पुळ्या आल्या आणि औषधाने जात नसतील, तर डॉक्टरांना खिडकीबाहेरच्या घरट्याबद्दल आवर्जून सांगा. त्यांना ते घरात बसून दिसत नाही.

दशलक्षण पर्वात आपण उपवास करतो, प्रतिक्रमण करतो, कळत-नकळत दुखावलेल्या सगळ्या जिवांची क्षमा मागतो. पुढच्या पर्वाआधी प्रत्येकीने आपल्या खिडकीबाहेर एकदा वाकून बघावं. तिथे दाणे असतील तर ते उचलणं हीसुद्धा जीवदयाच आहे.

जय जिनेंद्र.