कानातलं ‘नक्को’

दिवाळीत ताईकडे हैदराबादला, काचीगुड्यात गेलो होतो. भाच्याशी मराठीत बोला, उत्तर हिंदीत येणार! "मामा, इथं मराठी बोलायला आहेच कोण?" हे वर.

रात्री बघतो तर काय, कानाला हेडफोन लावून स्वारी चक्क मराठीत ओरडतेय. बीजीएमआयमध्ये चौघांचा संघ, त्यात फोंड्याहून माझा मुलगाही. मध्येच एक हैदराबादी पोरगा म्हणाला, "नक्को रे, उधर नक्को!" दखनीने हा शब्द मराठीकडूनच घेतलाय. शेजार जुना, मराठवाडा १९५६ पर्यंत हैदराबाद राज्यातच होता.

ताईचा हुकूम सुटला, "बंद कर ते बोलणं!" मला हे पटत नाही. अनोळखी लोकांच्या शिव्या कानावर पडतात, खरं आहे. पण त्यावर उपाय आहेत. माइक आणि स्पीकर दोन्ही ‘सर्व’वरून ‘टीम’वर आणावेत, फोनमध्ये माइकची परवानगी फक्त वापरापुरती ठेवावी, शिवराळाला म्यूट करावं. खेळाच्या वेळेला मर्यादा जरूर घाला, पण पोरांचा आवाज बंद करू नका.

मंडळी, एक कबुली देतो. माझा मुलगा माझ्याशी दिवसभरात बोलत नाही तेवढं मराठी त्या रात्री मी भाच्याच्या हेडफोनमधून ऐकलं.