शंभर दीनार आणि पोलीस ठाणे



मत्तयच्या शुभवर्तमानातील अठराव्या अध्यायातला निर्दयी दास आपणा सर्वांना ठाऊक आहे. डोंगराएवढे कर्ज माफ करून घेऊन बाहेर पडला आणि शंभर दीनारांसाठी सोबत्याचा गळा धरला. हा दृष्टांत आपण क्षमेविषयी ऐकतो, ते योग्यच. पण त्याने सोबत्याला तुरुंगात टाकले, याकडे आपले फारसे लक्ष जात नाही. दीनार म्हणजे मजुराचा एका दिवसाचा रोज. कोंडलेला माणूस शंभर दिवसांचा रोज कुठून कमावणार? घरच्यांनी घाबरून, भांडीकुंडी विकून पैसे आणावेत, एवढाच त्यामागचा हिशेब.

हाच हिशेब आज आपल्या बेळगावात चालतो. उद्यमबागेतले कास्टिंग असो की वडगाव-शहापुरातले सूत, माल उधारीवर जातो. बिल थकते. मग कुणीतरी शहाणा कानात सांगतो, "दिवाणी कोर्टात म्हातारे व्हाल, सरळ फसवणुकीची केस टाका." तक्रारीत धंदा करणाऱ्याबरोबर त्याच्या बायकोचे नाव, आणि कागदोपत्री भागीदार असलेल्या म्हाताऱ्या आईचेही. त्या माउलीने आयुष्यात बिलबुकाला हात लावलेला नसतो! पण तिच्यासाठी अटकपूर्व जामीन शोधायची वेळ आली की मुलगा वाटेल त्या कागदावर सही करतो. याला वसुली म्हणावे की खंडणी?

कायदाही असे सांगत नाही. फसवणुकीला (पूर्वीचे कलम 420, आता भारतीय न्याय संहितेचे 318) व्यवहार ठरतानाच मनात खोट असावी लागते. नंतर धंदा बसला, पुढच्याने याचे पैसे बुडवले, म्हणून कुणी ठक होत नाही. आणि विकलेला माल ही ठेव नव्हे, म्हणून त्याचे पैसे थकणे हा विश्वासघाताचा गुन्हाही नव्हे. दिल्ली रेस क्लबच्या खटल्यात सुप्रीम कोर्टाने 2024 साली हे पुन्हा बजावले. तरी एकाच बिलावर दोन्ही कलमे लावलेल्या तक्रारी येतच असतात. दिवाणी तंट्याला फौजदारी रूप देण्याची व्यापाऱ्यांतली ही खोड कोर्टाने 2006 सालीच नोंदवली होती. मात्र दिवाणी वाट मोकळी आहे एवढ्यावरून खरी फौजदारी तक्रार रद्द होत नाही, हेही त्याच निकालात आहे.

तेव्हा बुडव्यांनी आमच्या आड लपू नये. पैसे असून न देणारा, मुलाच्या लग्नात मांडव घालणारा आणि पुरवठादाराचा फोन न उचलणारा, तोही देवापुढे चोरच. पहिल्या करिंथकरांच्या पत्रातला सहावा अध्याय दाखवून "ख्रिस्ती माणसाने कोर्टात जाऊ नये" असे धनकोलाच सुनावणारे आम्हाला भेटतात. पौलाने तिथे, तुमच्यात निवाडा करणारा एकही शहाणा नाही का, असेही विचारले आहे. तेवढे त्यांना आठवत नाही.

वाटा आहेत. चेक वटला नाही तर बँकेकडून कळल्यापासून 30 दिवसांत नोटीस, आणि पैसे द्यायला 15 दिवस. नोंदणीकृत लघुउद्योजकाला 45 दिवसांत पैसे मिळण्याचा हक्क 2006 च्या कायद्याने दिला आहे. उशीर झाला तर बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज. दिवाणी दाव्याला साधारण तीन वर्षांची मुदत असते, ती मात्र चुकवू नका. वेळ लागतो, हे खरे. अनुवादात देवाने धनकोला ऋणकोच्या घरात शिरू दिले नाही. गहाण वस्तू तो स्वतः बाहेर आणून देईपर्यंत दारात उभे राहायला सांगितले. दारात उभे राहण्यातही वेळ जातोच.

आपल्या धर्मग्रामात असा तंटा असेल, तर तक्रार लिहिण्याआधी दोघांनीही रविवारच्या मिस्सानंतर आमच्याकडे बसावे. येताना बिले, चलने आणि बँकेचे पासबुक आणा. वकील आणलात तरी चालेल. बायकामुलांची नावे मात्र घरी ठेवून या.