वहिवाटीपुरती पेरणी

जमिनीच्या व्यवहाराशी ज्यांचा थोडाबहुत संबंध आला आहे, त्यांना ‘वहिवाट’ हा शब्द समजावून सांगण्याचे कारण नाही. शेत आपल्या ताब्यात आहे आणि आपण ते कसतो आहोत, याची नोंद दप्तरी व्हावी लागते. ती चुकू नये म्हणून परगावी राहणारा एखादा मालक पावसाच्या तोंडावर गावी येतो, थोडेफार बियाणे टाकतो आणि निघून जातो. पुढे पीक आले काय नि न आले काय, त्याला त्याचे सोयरसुतक नसते. कागदावर ‘पेरले’ असा शेरा पडला की त्याचे काम झाले.

अशीच वहिवाटीपुरती पेरणी अमेरिकेच्या चित्रपटव्यवसायात कशी झाली, याची हकीगत या महिन्यात वाचकांपुढे ठेवायची आहे. विषय अतिमानवी शक्तीच्या नायकांचा, म्हणजे वरकरणी पोरखेळाचा आहे. परंतु इंद्रजाल मालेतील वेताळ आणि मँड्रेक मराठीतून वाचत मोठ्या झालेल्या आमच्या पिढीने तरी त्याला नाक मुरडू नये.

मार्व्हल या चित्रकथांच्या प्रकाशनसंस्थेने १९६१ साली ‘फँटॅस्टिक फोर’ ही मालिका सुरू केली. लेखक स्टॅन ली आणि चित्रकार जॅक कर्बी हे तिचे कर्ते. चौघेजण अंतराळात जातात आणि तेथील किरणांच्या माऱ्याने त्यांच्या देहांत विलक्षण पालट घडतो. शास्त्रज्ञ रीड रिचर्ड्स याचे शरीर रबरासारखे ताणले जाते, सू स्टॉर्म अदृश्य होऊ शकते, तिचा धाकटा भाऊ जॉनी ज्वालारूप होतो आणि वैमानिक बेन ग्रिम पाषाणदेही होऊन बसतो. हे चौघे मुखवटे घालत नाहीत, आपले नावगाव लपवीत नाहीत. एका घरात राहतात, भांडतात, रुसतात आणि संकट आले की एक होतात. बेनला तर आपली शक्ती शापच वाटते, कारण तिच्यापायी त्याचे माणसाचे रूप गेले. मुळात ही एक कुटुंबकथा आहे, आणि तिचे बळ त्यातच आहे.

या कथेवर चित्रपट काढण्याचे हक्क जर्मन निर्माते बेर्न्ड आयशिंगर यांनी १९८०च्या दशकात मार्व्हलकडून घेतले. करारात अट अशी होती, की १९९२ सालच्या अखेरीपर्यंत चित्रपटाचे काम सुरू झाले नाही, तर हक्क मूळ मालकाकडे परत जातील. मोठ्या चित्रपटासाठी लागणारे भांडवल उभे राहीना आणि मुदत वाढवून देण्यास मार्व्हल राजी होईना. तेव्हा आयशिंगर यांनी रॉजर कॉर्मन यांना गाठले. अत्यल्प खर्चात आणि अत्यल्प दिवसांत चित्रपट पुरा करण्याबद्दल कॉर्मन यांची ख्याती होती. कोपोला आणि स्कॉर्सेसी यांच्यासारखे दिग्दर्शक उमेदवारीच्या काळात त्यांच्याच हाताखाली वावरले होते. सुमारे दहा लाख डॉलर, म्हणजे अशा चित्रपटाच्या मानाने कवडीमोल रक्कम, त्यांच्या हाती देण्यात आली आणि डिसेंबर १९९२च्या शेवटच्या दिवसांत चित्रीकरणाला आरंभ झाला. मुदत पाळली गेली. शेरा पडला.

या पेरणीचे स्वरूप काय आहे, याची कल्पना दिग्दर्शक ओली सॅसोन आणि नटमंडळी यांना नव्हती. आपल्याला मोठी संधी मिळाली आहे, अशाच समजुतीने त्यांनी जीव ओतून काम केले. चित्रपटाची जाहिरात होईना, तेव्हा नटांनी पदरचे पैसे खर्चून चाहत्यांचे मेळावे गाठले. जानेवारी १९९४ मध्ये मिनेसोटा राज्यात पहिला खेळ व्हावयाचा होता, तो रद्द झाला, आणि चित्रपट कधीच रीतसर प्रदर्शित झाला नाही. आपण तो विकत घेऊन त्याच्या प्रती जाळून टाकल्या, असे मार्व्हलचे एक अधिकारी एव्ही अराड यांनी पुढे सांगितले. हा चित्रपट दाखविण्यासाठी काढलाच नव्हता, असे स्टॅन ली म्हणत, तर आपला तसा हेतू नव्हता, असे आयशिंगर यांचे म्हणणे होते. खरे काहीही असो. आज जो कोणी तो पाहतो, तो हातोहात फिरलेल्या चोरट्या प्रतींवरून पाहतो.

हक्क मात्र शाबूत राहिले. त्यांच्याच बळावर ट्वेंटिएथ सेंच्युरी फॉक्स या कंपनीने २००५ साली मोठा चित्रपट काढला आणि २००७ साली त्याचा दुसरा भाग काढला. टिम स्टोरी यांनी दिग्दर्शित केलेल्या या दोन चित्रपटांनी जगभरात प्रत्येकी तीस कोटी डॉलरांहून अधिक उत्पन्न मिळविले. समीक्षकांनी त्यांची फारशी वाखाणणी केली नाही. नंतर कंपनीने सगळी मांडणी पुन्हा पहिल्यापासून करण्याचे ठरविले. नवे नट, नवा दिग्दर्शक, कथाही आरंभापासून. या प्रकाराला तिकडे ‘रीबूट’ म्हणतात. काही वर्षांत नवा चित्रपट न निघाल्यास हक्क मार्व्हलकडे जाणार, ही तलवार याही वेळी डोक्यावर टांगलेली होती, असा सार्वत्रिक समज होता. २००९ साली मार्व्हल ही संस्था डिस्ने कंपनीने विकत घेतली होती, म्हणजे मालमत्ता गेली असती ती थेट प्रतिस्पर्ध्याच्या घरात.

दिग्दर्शक म्हणून निवड झाली जॉश ट्रँक या तरुणाची. २०१२ साली त्याने ‘क्रॉनिकल’ हा चित्रपट सुमारे सव्वा कोटी डॉलरांत केला होता आणि त्याने दसपट उत्पन्न मिळविले होते. त्यात तीन शाळकरी मुलांना अचानक शक्ती लाभते आणि ती एकाला पेलत नाही. त्याच गंभीर वृत्तीने ट्रँकला नवी कथा मांडावयाची होती. स्वतःचे शरीर परके झाल्याची भीती, हा त्याचा विषय होता. कंपनीला हवा होता उन्हाळ्याच्या सुटीत सहकुटुंब पाहण्याजोगा साहसपट. संहितेचे खर्ड्यांवर खर्डे झाले. जॉनीच्या भूमिकेसाठी मायकल बी. जॉर्डन या कृष्णवर्णीय नटाची निवड होताच त्याच्यावर हीन शब्दांत टीका झाली. त्याने एका साप्ताहिकात लेख लिहून तिला शांतपणे उत्तर दिले, हे येथे आवर्जून नमूद केले पाहिजे.

२०१४च्या उन्हाळ्यात लुईझियाना राज्यातील बॅटन रूज येथे चित्रीकरण झाले. तयार झालेला चित्रपट कंपनीला पसंत पडला नाही. मार्च २०१५ मधील प्रदर्शन आधी जूनवर आणि मग ऑगस्टवर ढकलण्यात आले. जानेवारीत बराच भाग पुन्हा चित्रित झाला आणि संकलनाची सूत्रे दिग्दर्शकाच्या हातून निसटली. मधल्या काळात नायिका केट मारा हिने केस आखूड केले होते, म्हणून नव्या दृश्यांत तिला केसांचा टोप घालावा लागला. तो टोप इतका उघड दिसतो, की कोणते दृश्य आधीचे आणि कोणते नंतरचे, हे प्रेक्षकाला बसल्या जागी ओळखता येते. मध्यावर ‘एक वर्षानंतर’ अशी पाटी येते आणि तेथून पुढे निराळ्याच मनाने केलेला चित्रपट सुरू होतो. शिवण उसवलेले वस्त्र पाहावे, तसे वाटते.

प्रदर्शनाच्या आदल्या दिवशी, ६ ऑगस्ट २०१५ रोजी, ट्रँकने जाहीरपणे लिहिले, की वर्षापूर्वी आपल्यापाशी या चित्रपटाचे उत्तम रूप होते, परंतु ते लोकांना बहुधा कधी पाहायला मिळणार नाही. ते वाक्य त्याने लगोलग काढून टाकले. पण तोवर ते सर्वतोमुखी झाले होते. सुमारे बारा कोटी डॉलर खर्चाच्या या चित्रपटाने जगभरात जेमतेम सतरा कोटींच्या आसपास मिळविले. चित्रपटगृहांचा वाटा आणि जाहिरातीचा खर्च वजा जाता तो तोट्याचाच व्यवहार ठरला. वर्षातील सर्वांत वाईट चित्रपटाला उपहासाने दिला जाणारा ‘रॅझी’ त्याला दुसऱ्या एका चित्रपटाबरोबर विभागून मिळाला आणि ठरलेला पुढचा भाग रद्द झाला.

दोष कोणाचा, यावर तिकडे पुष्कळ लिहिले गेले. कोणी तरुण दिग्दर्शकाच्या हेकटपणाला बोल लावला, कोणी कंपनीच्या ढवळाढवळीला. आम्हांस वाटते, की खरा दोष त्या दोघांच्याही आधीचा आहे. ‘अमुक तारखेच्या आत काढला का?’ एवढेच करार विचारतो. ‘काय काढले? कोणासाठी काढले?’ हे तो विचारीत नाही. ज्या कामाचा आरंभच मालकी राखण्याच्या चिंतेतून होतो, त्यात ‘आपल्याला नेमके काय सांगायचे आहे?’ या प्रश्नाचे उत्तर आधी ठरत नाही, आणि ते ठरले नाही म्हणजे दोन मनांचे एक काम होते.

पुढे २०१९ साली डिस्नेने फॉक्सचा चित्रपटव्यवसायच विकत घेतला आणि हे चौघे आपल्या मूळ घरी परतले. आता हक्क जाण्याचे भय उरले नव्हते. तरीही घाई झाली नाही. पहिला नेमलेला दिग्दर्शक बाजूला झाला, दुसरा आला आणि जुलै २०२५ मध्ये मॅट शॅकमन यांचा चित्रपट प्रदर्शित झाला. त्याने कथा पुन्हा १९६०च्या दशकात नेली, घराला मध्यभागी ठेवले आणि रीड व सू यांच्या होऊ घातलेल्या बाळाभोवती सारा संघर्ष गुंफला. उत्पन्न पन्नास कोटी डॉलरांच्या वर गेले. पण आम्हांला त्याहून मोलाची वाटते ती दुसरीच गोष्ट. १९९४च्या त्या न दाखविलेल्या चित्रपटातील चारही नटांना या चित्रपटात छोट्या भूमिका देऊन सन्मानाने बोलावण्यात आले. ऐन उमेदीत केलेले ज्यांचे काम डब्यात बंद झाले, त्यांचे चेहरे एकतीस वर्षांनी का होईना, मोठ्या पडद्यावर आले.

आता थोडे आपल्याकडे वळू. महाराष्ट्राबाहेर राहणाऱ्या आपणां मराठी कुटुंबांनाही वहिवाट राखण्याची सवय आहे आणि ती सर्वस्वी वाईट नाही. सभागृहाची नोंदणी टिकावी म्हणून वार्षिक सभा भरते, गणेशोत्सवात नाटक झालेच पाहिजे म्हणून नाटक होते. त्या नाटकात एखादी मुलगी चार वाक्ये अशी काही म्हणून जाते, की सभागृह स्तब्ध होते. कॉर्मन यांच्या चित्रपटातील नटांप्रमाणे तिला नोंदणीशी कर्तव्य नसते. ती मनापासून बोलत असते. अशा वेळी मागच्या रांगेत गप्पा मारीत बसणे आणि पडदा पडताच जेवणाच्या पंगतीकडे धावणे, हे तिच्या कष्टांना डब्यात बंद करण्यासारखेच आहे.

मुख्याध्यापकाच्या खुर्चीत बसल्यावर शाळाप्रवेशाचे अर्ज दरवर्षी डोळ्यांखालून जातात. ‘मातृभाषा’ या रकान्यात पालक न चुकता ‘मराठी’ असे लिहितात. त्यातले कितीतरी पालक अर्ज देऊन दाराबाहेर पडताच मुलाशी दुसऱ्या भाषेत बोलू लागतात. रकाना भरला, वहिवाट राहिली. ते मूल मोठे झाले, की आपल्या मुलाच्या अर्जावर कदाचित हाच शब्द लिहील, कदाचित लिहिणारही नाही. त्याला दोष कोणत्या तोंडाने द्यावा? रात्रीच्या जेवणाला घरातली सगळी माणसे एकत्र बसतात, तेव्हा अर्धा तास मराठीत बोलावे, मुलाचे चुकले तर हसू नये, आणि त्याला जे सांगायचे असेल ते पुरते ऐकून घ्यावे. त्याची नोंद कोणत्याही दप्तरात होणार नाही.