साठीच्या आत मृत्युदंड

दिल्लीच्या प्रगती मैदानावरील ‘हॉल ऑफ नेशन्स’ २०१७ च्या एप्रिलमध्ये रातोरात जमीनदोस्त करण्यात आला, तेव्हा त्याने पंचेचाळिशीही गाठली नव्हती. वारसा म्हणून विचार व्हावयास वास्तू साठ वर्षांची हवी, हा दंडक त्याच्या आड आला. माणसाला साठीच्या सुमारास निवृत्त करतात. वास्तूला साठीपर्यंत जगण्याचाच अधिकार नाही, हा न्याय अजब खरा!

वास्तुकार राज रेवाल व अभियंते महेंद्र राज यांची १९७२ मधील ही कृती परक्यांची नक्कल नव्हती. असा त्रिमिती जाळीचा सांगाडा अन्यत्र पोलादाचा झाला असता. येथे पोलाद महाग आणि मनुष्यबळ मुबलक. म्हणून तो जागच्या जागी काँक्रीट ओतून घडविला गेला. दिल्लीचे ऊनही त्याच जाळीने अडविले. इतिहासकार केनेथ फ्रॅम्प्टन यांनी १९८३ साली ज्या चिकित्सक प्रादेशिकतेचा पुरस्कार केला, तिचा पाठ आपण आधीच गिरविला होता. जगभरच्या जाणकारांनी रदबदली केली, ती व्यर्थ गेली.

पणजीत चार्ल्स कोरिया यांच्या कला अकादमीच्या खुल्या नाट्यगृहाचे छत जुलै २०२३ मध्ये, नूतनीकरण चालू असतानाच कोसळले. मुंबईतील ओव्हलसमोरच्या आर्ट डेको इमारतींना जागतिक वारशाचा मान २०१८ साली मिळाला, तोही त्या ऐंशीच्या घरात पोहोचल्यावर! स्वातंत्र्योत्तर वास्तूंची, मूळ नकाशांसह, इतिहासकारांकरवी नोंद करून घेणे शासनास अवघड नाही. वयाची अट मात्र आधी काढावी लागेल, आणि ही नोंद पाडकामाच्या निविदा निघण्यापूर्वी व्हावयास हवी.